आभार मानायचे नसतात

"एवढा रस्ता मोकळा असताना माझ्याच अंगावर?" ओटीली करवादली. हॅम्बुर्गच्या नाट्यगृहाच्या मागच्या दाराशी, भुरभुर पावसात, त्या धडकलेल्या माणसाचे कागद चिखलात पसरले होते.

"तुम्हीच ना प्रॉम्प्टर? रंगमंचापुढच्या खोबणीत बसून नटांना वाक्यं कुजबुजणाऱ्या?"

"आणि तुम्ही आर्नो फाइल्शनफेल्ड! नटांना धाप लागेल अशी वाक्यं लिहिणारे."

"वाक्यं ब्रोस्ट्रुपची. मी नुसती जर्मनमध्ये आणतो."

"मग धाप तुमची!"

तो हसला... आणि ओटीली कामातून गेली.

सहा वर्षांत त्या डॅनिश नाटककाराची अकरा नाटकं आर्नोने जर्मनमध्ये आणली. लोक 'आपला ब्रोस्ट्रुप' म्हणू लागले. तो परका होता हेच विसरले. दर पहिल्या प्रयोगाआधी आर्नो खोबणीशी वाकायचा, खांद्यावरून थुंकल्यासारखं करायचा — "तॉय, तॉय, तॉय!" नाटकवाल्यांच्या या शुभेच्छेवर आभार मानले तर अपशकुन होतो, म्हणून ती ओठ घट्ट मिटायची.

"इतकी वर्षं झाली, एकदाही आभार नाहीत!" तो चिडवायचा.

मग नवं सरकार आलं. ज्यू म्हणून आर्नोचं नाव जाहिरातीवरून पुसलं, त्याला मागचं दार बंद झालं. ब्रोस्ट्रुप मात्र राहिला. कुणा भलत्यानेच त्याच्या सर्वांत गाजलेल्या नाटकाचा शेवट बदलून दिला. नायिका आता म्हणणार होती, "माझी जागा इथंच." आर्नोच्या प्रतीत होतं, "दार लावू नकोस, मी येतेय."

नव्या प्रतीच्या पहिल्या प्रयोगादिवशी सकाळी आर्नो तिला पुलावर भेटला.

"उद्या कोपनहेगनची बोट आहे. येशील?"

"मला डॅनिश कुठं येतं?"

"मी कुजबुजेन की तुझ्या कानात. आता माझी पाळी."

"आर्नो, मी..."

"आत्ता नको. संध्याकाळी तिकीट काढून गॅलरीत बसेन. उत्तर तिथं दे."

शेवटच्या प्रवेशात नटी अडखळली. तिने खोबणीकडे पाहिलं. आता नोकरी जाणार, हे ओटीलीला पक्कं ठाऊक होतं. तरी नवी प्रत बाजूला सारून ती कुजबुजली, "दार लावू नकोस, मी येतेय."

नटीने शंभरदा म्हटलेलं वाक्य. सहज तोंडातून निघून गेलं. टाळ्यांनी नाट्यगृह दणाणलं.

"काय लिहितो आपला ब्रोस्ट्रुप!" पुढच्या रांगेतून कुणीतरी ओरडलं.

पडदा पडताच ओटीली मागच्या दाराकडे धावली. म्हातारा दारवान तिचीच वाट बघत होता.

"उतरला का तो गॅलरीतून?"

"आलाच नाही, पोरी. दुपारीच पोलिसांनी घरातून नेला. सकाळी एवढी चिठ्ठी देऊन गेला होता तुझ्यासाठी."

चिठ्ठीत तीनच शब्द होते. तॉय, तॉय, तॉय.

आता आणखी कसला अपशकुन व्हायचा राहिला होता? ओटीलीने चिठ्ठी छातीशी धरली आणि सहा वर्षांत पहिल्यांदा, मोठ्याने, त्याचे आभार मानले.