नावाड्याची नक्कल

भुताखेताची गोष्ट म्हटली की लोक दिवे बारीक करून बसतात. ही गोष्ट मात्र लख्ख उन्हातली आहे. एप्रिल महिना, दुपारचे तीन, डोक्यावर उघडं आकाश आणि समोर सफरचंदं चावत उभी असलेली हजारभर माणसं. अंधारात घडली असती तर हंफ्री पेलनं ती कदाचित मनावर घेतली नसती.

सुरुवात अगदी साध्या कामानं झाली. ईस्टरपूर्वीच्या उपासाचे दिवस होते, लंडनातली नाटकघरं बंद होती, आणि पेल जर्व्हिस लॅम्बोर्नच्या खोलीवर नवं नाटक आणायला गेला होता. नदीच्या दक्षिण काठावर ‘बगळा’ नावाचं नाटकघर होतं. लॅम्बोर्न तिथला नाटककार, आणि पेल तिथला वहीवाला.

वहीवाल्याचं काम लोकांना वाटतं तितकं सोपं नसतं. अख्खं नाटक एकाच वहीत असायचं आणि ती वही फक्त त्याच्याकडे. दुसरी प्रत काढली की समोरच्या नाटकमंडळीनं ती पळवलीच म्हणून समजा. म्हणून पेल प्रत्येक नटाला त्याची नक्कल उतरवून द्यायचा. नक्कल म्हणजे कागदाची एक लांब पट्टी. तिच्यावर त्या नटाची तेवढी वाक्यं, आणि प्रत्येक वाक्याच्या आधी समोरच्याचे शेवटचे तीन शब्द. ते कोण बोलणार, हे लिहिलेलं नसायचं. नटानं कान टवकारून उभं राहायचं आणि तिसरा शब्द कानावर पडला की तोंड उघडायचं. तालमी म्हणाल तर तलवारबाजीच्या आणि गाण्यांच्या, त्याही सकाळी तासभर. नाटकात एकूण काय चाललंय हे वहीवाल्याखेरीज कुणालाच धड ठाऊक नसायचं.

लॅम्बोर्न उशीला टेकून बसला होता. चेहरा मेणासारखा झाला होता, पण बोटांना शाई होती.

“झालं एकदाचं,” तो म्हणाला. “सतरावं. आणि शेवटचं.”

“असं काय बोलता? अजून सतरा लिहाल.”

“थापा मारू नकोस, हंफ्री. तुला जमत नाही.”

या माणसानं सोळा नाटकांतून राण्या आणि सरदार रडवले होते, अख्ख्या शहराला रडवलं होतं. स्वतः मात्र तो दर नाटकात एखाद्या म्हाताऱ्याचं बारकंसं काम घेऊन उभा राहायचा. नट म्हणून यथातथाच. त्यात खोकला. वाक्याच्या शेवटच्या शब्दाआधी हमखास खोकायचा, आणि समोरचा नट तिसऱ्या शब्दासाठी ताटकळत राहायचा. पेलनं यावरून त्याला शंभरदा टोकलं होतं.

“कुणाचंही काप,” लॅम्बोर्न म्हणाला. “राल्फची भाषणं काप. तो ओरडेल, ओरडू दे. पण पाचव्या अंकातल्या नावाड्याला हात लावू नकोस. नऊच वाक्यं आहेत.”

“ते काम तुम्हीच करणार ना?”

“मीच करणार.” तो थोडा वेळ खोकला. “माझा बाप सेव्हर्न नदीवर होडी चालवायचा. तो बुडाला त्या दिवशी इथं माझ्या पहिल्या नाटकाचा पहिला प्रयोग होता. मी गेलो नाही. सोळा नाटकं लिहिली, हंफ्री, आणि बापाच्या तोंडी एक वाक्य दिलं नाही... तू शब्द दे.”

“दिला.”

मरणाऱ्या माणसाला दुसरं काय सांगायचं असतं?

नवव्या दिवशी लॅम्बोर्न गेला. तोवर पेलनं बहुतेकांच्या नकला उतरवून वाटल्याही होत्या. नावाड्याची तेवढी राहिली होती. आणि मग राल्फ स्टर्जिसनं त्याला गाठलं. राल्फ म्हणजे मंडळीचा पहिला नट आणि मालकासारखाच.

“पेलबुवा, नावाडी उडवा. नऊ वाक्यांसाठी माणूस कुठून आणू?”

“पण लॅम्बोर्नला मी...”

“लॅम्बोर्न बघायला येणार आहे का?”

पेलनं मान डोलावली. मान डोलवायला कारण होतं. गेल्या हिवाळ्यात दारामागून वाक्यं पुरवताना त्यानं दोन पानं एकदम उलटली होती, नाटक मध्येच बंद पडलं होतं आणि राल्फच्या तोंडावर कुजकं सफरचंद बसलं होतं. “आणखी एकदा नाटक थांबलं,” राल्फ तेव्हा म्हणाला होता, “की तुम्ही घरी.” पेलचे डोळे अधू होत चालले होते. बावीस वर्षं त्यानं दुसरं काही केलं नव्हतं. या वयात आणि या डोळ्यांनी त्याला दारात कोण उभं करणार होतं? त्यानं वही उघडली आणि नावाड्याच्या नऊ वाक्यांवर जाड शाईनं काट मारली.

आता, एक पात्र उडवलं की त्याच्या आगेमागे बोलणाऱ्यांच्या नकला परत मागवून दुरुस्त कराव्या लागतात. नाहीतर ते बिचारे कधीच न येणाऱ्या तीन शब्दांची वाट बघत उभे राहतात. हे पेलला पाठ होतं. पण राल्फची नक्कल राल्फच्या घरी होती आणि विदूषकाची कामं करणारा डिगरी वॅट नेहमीप्रमाणे कुठल्यातरी गुत्त्यात होता. उद्या मागवू, असं पेल म्हणाला. उद्याचं परवा झालं, परवाचं ईस्टर झालं, आणि ‘बगळ्या’वर प्रयोगाचं निशाण चढलं.

चार अंक झकास गेले. पेल मागच्या दाराच्या फटीशी वही घेऊन उभा होता. फटीतून त्याला अर्धाच रंगमंच दिसायचा. पाचव्या अंकात राज्य गमावलेला सरदार, म्हणजे राल्फ, आणि त्याचा नोकर डिगरी, पळत पळत नदीकाठी येतात.

“नदी तर आली धनी,” डिगरी म्हणाला, “पण होडी कुणाची?”

आणि पेलला परत न मागवलेल्या नकला आठवल्या.

राल्फ थांबला. त्याच्या नकलेत इथं तीन शब्द होते, ते त्याला ऐकायचे होते. डिगरीही थांबला. प्रेक्षक काही क्षण कौतुकानं गप्प राहिले. मग खालून कुणीतरी ओरडलं, “झोपलात काय रे?” हशा पिकला. राल्फनं मान न हलवता डोळे दाराकडे वळवले.

पेलनं वही डोळ्याशी नेली. काळी, जाड, सरळ काट. स्वतःच्याच हातची. खालचं एक अक्षर दिसेना. आठवायला गेला तर डोकं पाटीसारखं कोरं. निदान काहीतरी बोलायचं म्हणून त्यानं तोंड उघडलं, आणि त्याच वेळी त्याला वास आला. ओल्या दोराचा, डांबराचा आणि चिखलाचा. नदी जवळ होती हे खरं, पण वारा त्या बाजूचा नव्हता.

“होडी माझीच,” रंगमंचाच्या न दिसणाऱ्या अर्ध्या भागातून आवाज आला. “दोघांची जागा आहे. आणि एक जण आधीच...”

मग खोकला. लांबलचक, घोगरा. राल्फ सवयीनं ताटकळला.

“...बसलाय.”

“कोण?” राल्फ गरजला. “मला तर होडी रिकामीच दिसते!”

नाटक पुढे सरकलं. नऊच्या नऊ वाक्यं झाली, जागच्या जागी. प्रत्येकाच्या शेवटच्या शब्दाआधी तो खोकला आला. पेल दार ढकलून बघू शकला असता. त्याचा हात कडीवर होताही. पण त्यानं दार ढकललं नाही.

“तुमचं नाव माझ्याकडे नाही, सरदार,” नावाडी शेवटी म्हणाला. “ज्यानं शब्द दिला, त्याला मी न्यायला... आलोय.”

हे वाक्य वहीत होतं की नव्हतं, कुणास ठाऊक. काटेखालचं आता कोण वाचणार?

प्रयोग संपला तेव्हा टाळ्या थांबत नव्हत्या. राल्फनं आत येऊन पेलच्या पाठीवर थाप मारली.

“मानलं, पेलबुवा! नावाडी ठेवलात आणि मला पत्ता लागू दिला नाहीत. पक्के आहात! कोण होता तो? लॅम्बोर्नची हुबेहूब लकब, खोकल्यासकट!”

“तुम्ही... चेहरा पाहिलात?”

“टोपी खाली ओढली होती. आणि चेहरे बघत बसू, की तीन शब्द सांभाळू?”

“मला वाटलं, राल्फनंच आणला कुठूनतरी,” डिगरी मिशी उतरवत म्हणाला. “पण अंघोळ करून पुसायला शिकवा त्याला. माझे बूट भिजले.”

“ते असू दे,” राल्फ म्हणाला. “पेलबुवा, डोळे गेले तरी तुमची जागा कायम. हा माझा शब्द.”

प्रयोगानंतर सगळ्या नकला वहीवाल्याकडे परत यायच्या आणि पेटीत बंद व्हायच्या. पेलनं अकरा दिल्या होत्या. मोजल्या तर बारा निघाल्या. पुन्हा मोजल्या. बारावी ओली होती.

अक्षर पेलचंच होतं. तेच उजवीकडे झुकणारं, लांब शेपटीचं वळण. नावाड्याची नऊ वाक्यं, प्रत्येकाआधी तीन-तीन शब्द, कुठं खाडाखोड नाही. ही नक्कल त्यानं कधीच उतरवली नव्हती. नवव्या वाक्याखाली त्याच हातानं आणखी तीन शब्द लिहिले होते: चला, उशीर झाला. त्यापुढे बोलायचं वाक्य नव्हतं. नुसती सूचना होती. वहीवाला होडीत चढतो.

दुसऱ्या दिवशी पेलनं पेटीची किल्ली राल्फच्या हातावर ठेवली. राल्फनं त्याला वेड्यात काढलं, समजावलं, शेवटी शिव्या घातल्या. पेलनं किल्ली परत घेतली नाही. ज्या जागेसाठी त्यानं दिलेला शब्द मोडला, ती जागा त्यानं आपल्या हातानं सोडली. याचं त्याला फार वाईट वाटलं. घरी जाताना तो रस्त्यात उभा राहून रडला.

त्याची बायको ॲव्हिस फटकळ होती, पण मायेची. पेल सकाळी आवरायला फार वेळ लावायचा आणि ती दारात उभी राहून रोज तेच म्हणायची.

“ते तीन शब्द म्हणायचे नाहीत,” पेलनं तिला सांगितलं.

“कुठले?”

त्यानं लिहून दाखवले.

“अहो, मग तुम्हाला हलवायचं कसं? ढोल वाजवू?”

“डाव वाजव दारावर.”

ती हसली, पण त्याचं तोंड बघून हसायची थांबली. तेव्हापासून ॲव्हिस चौकटीवर लाकडी डाव ठोकायची. तीन ठोके, की पेल उठायचा. बाजारात, चर्चमध्ये, गल्लीत कुणी ‘चला’ म्हणालं की पेल कानांवर हात ठेवून बाजूला व्हायचा. लोक म्हणायचे, नाटकवाल्यांचं हे असंच.

वर्ष सरलं. पुन्हा एप्रिल आला. ईस्टरनंतरचा रविवार होता, चर्चच्या घंटा वाजत होत्या. ॲव्हिसनं डाव ठोकला आणि ती पुढं जाऊन गल्लीत शेजारणीशी बोलत उभी राहिली. तिचा आवाज खिडकीतून स्वच्छ ऐकू येत होता. पेल माडीवर बुटाचे बंद बांधत होता. मध्येच त्याची बोटं थांबली. खोलीत ओल्या दोराचा वास आला होता.

“चला,” जिन्याच्या खालच्या पायरीवरून कुणीतरी घोगऱ्या आवाजात म्हणालं. “उशीर...”

आणि खोकला सुरू झाला.

पेलनं कानांवर हात ठेवले नाहीत. तो उठला, खुंटीवरची टोपी घेतली आणि जिन्याच्या तोंडाशी गेला. तिसरा शब्द पडेपर्यंत जागचं हलायचं नाही, हे त्यानं बावीस वर्षं दुसऱ्यांना शिकवलं होतं. खोकला लांबत चालला होता. पेल टोपी हातात धरून ऐकत उभा राहिला.