आरोपी क्रमांक दोन

"सही कर, जीजी! एवढं काय वाचत बसलीयस?" धीरेंद्रने पेन पुढे सरकवलं, आणि कागद वाचता वाचता विमलेशची नजर एका ओळीवर थिजली...

आई गेल्यावर जिने त्याला छातीशी धरून वाढवलं, त्याच्यापायी चालून आलेली स्थळं हसतमुखाने परत पाठवली, तीच ही बहीण! आज तो तिच्याकडे खोटेपणाची भीक मागत होता. त्याच्या बायकोने, मंजरीने, माहेरी जाऊन पोलिसांत छळाची फिर्याद दिली होती. नवरा आरोपी क्रमांक एक, नणंद क्रमांक दोन! तेव्हापासून विमलेशची शाळेतली नोकरीही लोंबकळत होती. फिर्याद रद्द व्हावी म्हणून दोघांचा ग्वाल्हेरच्या हायकोर्टात अर्ज होता. आणि तिच्या प्रतिज्ञापत्रात लिहिलं होतं, 'माझ्या भावाने पत्नीवर कधीही हात उगारला नाही.'

कधीही नाही? मग मंजरीच्या सुजलेल्या मनगटाला हळद कुणी लावली होती!

"हे खोटं आहे, धीरू."

"मग घाल मला तुरुंगात! तुझा धीरू ना मी?"

सही करावी तर त्या पोरीचा गळा घोटायचा, न करावी तर पोटच्या पोरासारख्या भावाचा... विमलेशने डोळे मिटले आणि पेन बाजूला सारलं.

सुनावणीच्या दिवशी वकील वैतागले. "बहेनजी, तुमच्याविरुद्ध ठोस असं काहीच नाही. एका सहीत सुटाल!"

"मला नाही सुटायचं. माझा अर्ज मागे घ्या."

न्यायमूर्तींनी कारण विचारलं, तेव्हा ती हात जोडून म्हणाली, "साहेब, मंजरीने लिहिलंय ते खरं आहे. मी डोळ्यांनी पाहिलंय. पाहूनही तिला 'सांभाळून घे' म्हणत राहिले... तेवढी शिक्षा मला होऊ दे."

"नाही साहेब!" पलीकडून मंजरी ओरडलीच. "पोलीस ठाण्यात विचारलं, घरात आणखी कोण? मी रागाच्या भरात यांचं नाव घेतलं. यांनीच तर मला आडव्या येऊन वाचवलं, माहेरच्या बसमध्ये बसवलं! यांच्यावर माझी काही तक्रार नाही..."

विमलेशपुरती फिर्याद रद्द झाली. धीरेंद्रचा अर्ज मात्र फेटाळला गेला. त्याच्यावर खटला चालणार होता.

बाहेरच्या व्हरांड्यात मंजरीने तिच्या पायांवर डोकं ठेवलं. विमलेशने तिला उठवून उराशी घेतलं. दोघींच्या आसवांना खळ नव्हता. तेवढ्यात धीरेंद्र समोर आला.

"आता माझ्याविरुद्ध साक्षही देशील?"

"देईन, धीरू... आणि तुला आत टाकलं तर दर भेटीला येईन. तुला दुसरं आहे कोण?"

तो नेहमीसारखा तिच्या पाया न पडताच तरातरा निघून गेला.

"जीजी, माझ्याकडे चला," मंजरीने तिचा हात धरला. "त्या घरात आता कशा राहाल हो?"

विमलेशने हलकेच हात सोडवून घेतला.

"नाही गं... तो संध्याकाळी उपाशीच घरी येईल. दाराला कुलूप दिसायला नको!"