भिंतीची आंघोळ

डॉ. वैजयंती तांडेल हिनं पडद्यावरच्या जिल्हाधिकाऱ्यांना उपाय सांगितला, आणि सभेतल्या सगळ्यांचे चेहरे उजळले.

"पाणसुईचं शरीर म्हणजे जवळजवळ समुद्राचंच पाणी, सर. वरून गोडं पाणी पडलं की तिच्या पेशी फुगून फुटतात. किनारभिंतीवर नळ बसवलेलेच आहेत. सगळीकडचे आत्ताच सोडा. संध्याकाळपर्यंत भिंतीपुढचं उथळ पाणी निर्धोक होईल."

"म्हणजे उद्यापासून रापणीला परवानगी द्यायला हरकत नाही?"

"काहीच हरकत नाही," वैजयंती म्हणाली.

एरवी ती इतकं ठाम बोलत नसे. पण दिवाळीनंतर या पाणसुईनं सगळ्यांच्या नाकी नऊ आणले होते. नखाएवढा, काचेसारखा आरपार दिसणारा जेलीफिश. त्याच्या पिल्लालाही तेवढंच विष. डंख म्हणाल तर डास चावल्याइतका. माणूस खाजवतो आणि विसरतो. थोड्या वेळानं पाठीत कळा येऊ लागतात, घाम फुटतो, आणि धडधाकट माणसाचं हृदय थांबतं. त्यावर उतारा नव्हता. माणसं गेली तशी रापण बंद झाली. कमरभर पाण्यात उभं राहून अख्ख्या वाडीनं मिळून ओढायचं ते जाळं. पाण्यात उतरायचंच नाही तर ओढणार कसं? वैजयंतीच्या वडिलांची रापण आता तिचा दादा सांभाळत होता, आणि दादा हल्ली तिच्याशी फोनवर फक्त "जेवलंस काय?" एवढंच बोलत असे.

सभा संपते न संपते तोच त्याचा फोन आला.

"वैजू, आयकलंय गो! उद्या रापण घालूची परवानगी गावली! आणि ती कोणामुळे? माझ्या भयणीमुळे! सगळ्या वाडीत सांगान इलंय."

"दादा, उद्या. आज कोणी उतरू नका."

"उद्याच गो. तू सांगतलंस तसा."

फोन ठेवून ती हसतच प्रयोगशाळेत आली. निवतीचं हे सागरी प्राणी केंद्र उभं राहिलं ते तिच्याच शिळाजीवामुळे. शिळाजीव हा पोवळ्यांचा लांबचा भाऊबंद. मोहरीएवढे जीव लाखोंनी एकत्र बसतात आणि स्वतःभोवती दगडी घर बांधतात. वैजयंतीनं तो एका खडकावर शोधला, टाक्यांतून वाढवला, आणि चढत्या समुद्राला अडवणाऱ्या भिंतींवर त्याचा जिवंत गिलावा दिला. लाटेनं भेग पडली की भिंत आपली आपणच बुजवून घेई. आता साऱ्या कोकणपट्टीची गावं त्या भिंतीच्या जिवावर कोरडी होती. पावसाळा सरला की भिंतीवरचं शेवाळ आणि गोगलगायी मारायला वर्षातून एकदा तिला गोड्या पाण्यानं धुवायचं, हीही वैजयंतीचीच, यंदाच सुरू केलेली युक्ती. कामगार त्याला भिंतीची आंघोळ म्हणत.

जनुकं वाचणाऱ्या विभागाची डॉ. निखत सोलकर मात्र तोंड पाडून बसली होती.

"मारायचं कसं ते कळलं, पण ही बया कोण आहे ते अजून कळलेलं नाही," ती म्हणाली. "प्रत्येक नमुन्याला यंत्राचं एकच उत्तर. अनोळखी."

"नवी जात असेल."

"असू दे ना. पण तिचं माहेर कुठं आहे? जेलीफिश काही आभाळातून पडत नाही. आधी खडकाला चिकटलेली बैठी अवस्था, तिला धुमारे फुटतात, ते सुटून पोहायला लागतात, तो जेलीफिश. पाणबुड्यांनी खडक पाहिले, बुडालेली जहाजं पाहिली. बैठी अवस्था मिळाली की ती इथं वाढवू, विष काढू, उतारा बनवू. ती मिळतच नाही."

"दोन्ही अवस्था दिसायलाही इतक्या वेगळ्या, की पूर्वीचे पंडित फसले," वैजयंती म्हणाली. "एकानं बैठीला एक नाव दिलं, दुसऱ्यानं पोहतीला दुसरं. प्राणी एकच, आणि बारसं दोनदा."

निखतनं मान डोलावली, पण तिचं लक्ष पडद्यावर होतं.

"वैजू, हा अहवाल एवढा तोकडा कसा? एवढ्याशा प्राण्याचंही जनुकवाचन लांबलचक यायला हवं. इथं जवळजवळ काहीच नाही. यंत्र काहीतरी गाळून टाकतंय."

"शिळाजीव गाळतंय. मीच सांगून ठेवलंय तसं. भिंतीवरून त्याच्या पेशी सतत सुटतात, किनाऱ्याच्या थेंबाथेंबात सापडतात. प्रत्येक नमुन्यात ती भेसळ येणारच. म्हणून ती वजा करायची."

"आज नको करूया."

निखतनं भेसळगाळणी बंद केली आणि पाणसुईचा नमुना पुन्हा वाचायला लावला. पडदा भरत गेला. ओळींमागून ओळी, आणि प्रत्येक ओळीपुढे एकच नाव. शेवटी बेरीज आली: शिळाजीव, संपूर्ण. बाकी शून्य.

वैजयंतीनं दुसरा नमुना लावायला सांगितला. मग तिसरा. उत्तर बदललं नाही. भेसळ म्हणून ती इतके महिने जे फेकून देत होती, तोच प्राणी होता.

"शक्य नाही," ती म्हणाली. "या टाक्यांत मी त्याला वर्षानुवर्षं वाढवलाय. एकदाही धुमारा फुटला नाही गं! एकदाही नाही!"

"मग भिंतीवर असं काय होतं, जे टाकीत होत नाही?"

वैजयंतीनं टाकीतला शिळाजीवाचा एक तुकडा काचेच्या वाडग्यात ठेवला आणि त्यावर थोडा वेळ नळाचं पाणी सोडलं, मग ते ओतून पुन्हा समुद्राचं पाणी भरलं. मग दोघी भिंगाखाली बघत बसल्या. दुपार कलली तेव्हा दगडी घरांच्या तोंडाशी बारीक गोळे धरले. एक सुटला. मग चार सुटले. मग वाडग्यात साबुदाणा सांडल्यासारखं झालं. प्रत्येक दाणा आकसत होता, उमलत होता, पोहत होता.

"पावसाळा," निखत हळूच म्हणाली. "नद्यांना पूर येतो, समुद्राचं पाणी गोडं होतं. बसलेला जीव पळणार कुठं? मग तो पोरं बाहेर, खाऱ्या पाण्याकडे पाठवतो."

"आणि पावसाळ्यात समुद्रात माणूस नसतो," वैजयंती म्हणाली. "म्हणून कोणाला कधी कळलं नाही. टाकीवर तर पाऊस पडलाच नाही. आम्ही भिंतीला दिवाळीनंतर आंघोळ घातली. आम्ही त्याला पावसाळा आला असं सांगितलं! आणि आज सकाळी मी..."

तिनं नियंत्रण कक्षाला फोन लावला. "नळ बंद करा! सगळे बंद करा!"

"करतो, मॅडम," तिकडचा अभियंता गोंधळून म्हणाला. "पण सकाळपासून सोडलेत. अख्खा किनारा धुऊन झाला की. तुम्हीच तर म्हणालात."

तिनं दादाला फोन लावला. वाजत राहिला. पुन्हा लावला. खिडकीशी उभी असलेली निखत एकदम म्हणाली, "वैजू, ते बघ."

खाली वाळूवर माणसं धावत होती. भिंतीच्या अगदी जवळ पाण्यावर तारली माशाचा काळा पट्टा दिसत होता, हलत होता. तारल्या किनाऱ्याला लागल्यावर कुठला रापणकर उद्याची वाट बघतो?

चपला कुठं गेल्या ते वैजयंतीला कळलं नाही. ती उतारावरून धावत सुटली. घसा फाटेपर्यंत ओरडत होती, पण गाज आणि दोर ओढणाऱ्यांच्या आरोळ्या यांत तिचा आवाज विरून गेला. वाळूवर पोचली तेव्हा सगळी वाडी पाण्यात होती. काका, चुलतभाऊ, शेजारी, रापणीच्या दोन्ही दोरांना लटकलेले, कमरेपर्यंत बुडालेले. सगळ्यांत पुढं दादा.

"बाहेर या! दादा, बाहेर ये! सगळे बाहेर या!"

दादानं वळून पाहिलं. कित्येक दिवसांनी त्याचा चेहरा असा फुलला होता. पहिली मासळी बघायला बहीण आली असंच त्याला वाटलं असणार. त्यानं एक हात दोरावरून सोडला आणि दुसऱ्या हाताचं कोपर खसाखसा खाजवलं.

"इलंस? बघ गो वैजू, केदी मासळी!" तो हसत ओरडला. "आणि ह्या काय ता? आता पाण्यातसुद्धा डास चावाक लागले काय गो?"

मागच्या दोराला उभे असलेलेही हसले. तेही खाजवत होते.