समोरची खुर्ची

"सर, ती समोरची खुर्ची कोणाची?"

मैत्रिणीने, सारिकाने, पैज लावली नसती, तरी दीपिकाने हे कधीतरी विचारलंच असतं. दहावीत गेल्यापासून तिची भीड पार चेपली होती. मिठबावला भिकाजी सरांच्या पडवीत गिटारची शिकवणी चालायची. तिथे वेताची एक खुर्ची कायम रिकामी असायची आणि सर तिच्यावर साधं दप्तरही ठेवू देत नसत.

सरांनी गिटारची खुंटी पिळली. "तू आधी बारा मात्रा मोज गो."

सर बोटीवर नोकरीला असताना स्पेनच्या बंदरात फ्लेमेंको, म्हणजे तिकडचं टाळ्यांच्या ठेक्यावरचं गिटारवादन, शिकले होते. त्यांची शिकवणी पायरीपायरीची. आधी नुसत्या टाळ्या, मग अंगठा, मग चारही बोटं पंख्यासारखी उघडत तारांवर झटकायची. आणि एकट्याने वाजवायचं नाही. समोर टाळ्या देणारा हवाच. दीपिकाला मात्र स्नेहसंमेलनात एकटीने वाजवायची घाई. बोटांच्या पायरीवर तिचा हात दर वेळी अडखळायचा.

त्या रविवारी नारळ उतरवणारा आला, म्हणून सर परसात गेले. सोबतीला आलेली सारिका कुजबुजली, "गाऱ्हाणां घाल खुर्चीक!"

दीपिकाने हात जोडले, देवळात देवाला साकडं घालताना गुरव काढतो तसा आवाज काढला. "बा म्हाराजा, जो कोण तू हय बसतंस, माका टाळयो दी. माझो हात अडखळू नये. माका कदी एकटीक टाकू नको रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!" सारिका खिदळली, आणि मध्येच गप्प झाली. "दीपे, माझ्याबरोबर कोण बोललो?"

वेत करकरला.

दीपिकाने हट्टाने गिटार उचलली. समोरून टाळ्या आल्या. जड, ओल्या तळव्यांच्या. हात अडखळला नाही.

सर दारात उभे होते. "काय मागितलंस?"

तिने सांगितलं.

"टाळयो मागितलंस, ठीक. 'कदी' कित्याक म्हटलंस गो?"

संमेलनात ती एकटीच मंचावर बसली आणि तिने न चुकता वाजवलं. लोकांनी टाळ्या वाजवल्या. मग लोक थांबले.

एक जण थांबला नाही.

दुसऱ्या दिवशी जेवताना, ताटावरून मान वर न करता, तिने सांगून टाकलं, "आये, बाबा, मी गिटार सोडतंय. सरांका परत दिलंय."



"बरां," आई बाहेर कान देत म्हणाली. "मगे टाळयो कोण मारता?"

दीपिकाचा एक हात भातात होता. दुसरा तिने मांडीखाली दाबून धरला होता.