मागचा डावा स्पीकर

काम साधंच होतं, म्हणून तर माझ्या वाट्याला आलं. गाडीच्या म्युझिक सिस्टीमने बिघाडाचा एकच कोड दाखवला होता: मागचा डावा स्पीकर, सर्किट तुटलेलं. आमच्या गॅरेजची रीत अशी, की कोड आधी पुसायचा. परत आला तर दोष खरा. सकाळपासून मी पुसत होते आणि तो परत येत होता. पाठ मोडून आली होती. उस्ताद बाहेर जाताना म्हणाले होते, "संध्याकाळी गाडी कोडाशिवाय गेली तर तू कामावर कायम. नाहीतर तुझी वाट तुला मोकळी."

मागच्या डाव्या दाराचं आतलं पॅनेल उघडलं. वायर तुटलेली नव्हतीच. कुणीतरी जोड सोडवून टोकांना टेप गुंडाळली होती, जखमेवर पट्टी बांधावी तशी. तिथेच थांबायला हवं होतं. पण दमलेल्या माणसाला कारण नको असतं, सुटका हवी असते. मी जोड बसवला. कोड गेला.

आता गाडीतल्या फोनच्या माइकची तपासणी. शटर अर्धं खाली, बाहेर ऊन उतरत चाललेलं. गाडीत कोंदट, उबट वास. काचा चढवल्या, गाडीतूनच उस्तादांना फोन लावला आणि नेहमीसारखे आकडे मोजायला लागले.

"पोरी, बरोबर कोण आहे?"

"कुणी नाही, उस्ताद."

"मग तुझ्याबरोबर मोजतंय कोण?"

"आवाज घुमत असेल..."

"घुमलेला आवाज मागाहून येतो गं. हा तुझ्या एक आकडा पुढे आहे..."

दाराची बेल वाजली तरी दचकणारी मी. मागच्या डाव्या दारातून कुणीतरी श्वास घेतला, तेव्हा मी दाराचं हँडल ओढलं. कशीबशी बाहेर पडले.

समोर गाडीचे मालक उभे होते, कडेवर लहान मुलगी. दाराचं उघडं पॅनेल बघून त्यांचा चेहरा उतरला.

"जोडलात? अहो, तो मीच सोडवला होता. सांगायचं राहिलं... ही त्याच्याशी बोलायला लागली होती. आधी सोडवा!"

मुलगी त्यांच्या कडेवरून उतरून मागच्या सीटवर जाऊन बसलीसुद्धा.

मी जोड सोडवला.

"आता कोड येईल ना परत?" ते हलक्या आवाजात म्हणाले. "तो दिसला की मला झोप लागते."

मी वाट पाहिली. एका हातात स्कॅनर धरून पुन्हा तपासलं. तेवढ्यात उस्ताद आले, माझ्या खांद्यावरून वाकून बघितलं. "एकही कोड नाही. झालीस कायम."

सुटलेला जोड अजून माझ्या हातातच होता. आणि मुलगी दाराला कान लावून, मान डोलावत, कुणाचं तरी ऐकून घेत होती.