बरणीतले सहा विंचू

अ‍ॅरिझोनातल्या चँडलरच्या त्या घरात तान्ह्या ईशानच्या पाळण्याचे चारही पाय काचेच्या बरण्यांत उभे होते. नाशिकला चाळीस वर्षं प्राणिशास्त्र शिकवलेले गुरुनाथ आपल्या सात वर्षांच्या नातीला त्याचं कारण सांगत होते.

"हा बार्क विंचू, हिमानी. गव्हाच्या रंगाचा, काटकुळा, पण विष जहाल. भिंत चढतो, छताला उलटा लटकतो. गुळगुळीत काचेवर मात्र पाय घसरतात त्याचे."

२००४ सालचा जून. सकाळी नऊलाच ऊन भाजत होतं. आजोबा-नातीनं पडदे ओढून जांभळा अतिनील टॉर्च लावला; त्याच्या उजेडात विंचू चमकतात. पाळण्याच्या बरोबर वर, छतावर, सहा हिरवट आकार चमकले. गुरुनाथांनी चिमट्यानं एकेक उचलून बरणीत टाकला.

"आजोबा, दे आर ऑल लुकिंग अ‍ॅट ईशान."

"अगं, त्यांना धड दिसतही नाही," ते हसले आणि त्यांनी बरणी फिरवली.

सहाही विंचू वळले. पुन्हा पाळण्याकडे.

सुनेनं, देवयानीनं, बाळाला आंघोळीला नेलं, तसे ते न्हाणीघराकडे वळले. गुरुनाथांनी वहीत 'योगायोग' असं लिहिलं. तिसऱ्यांदा विंचू बाळामागे वळले तेव्हा ते खोडलं.

"बाबा, फेकून द्या ना ते. प्लीज," सून म्हणाली.

"उद्या नक्की."

दुसऱ्या दिवशी ती ईशानला लस टोचायला घेऊन गेली. गाडी निघाली तशी सहाही तोंडं हळूहळू सरकत पूर्वेला, दवाखान्याच्या बाजूला, थांबली. गुरुनाथ बरणीसमोरून हलले नाहीत.

दोन तासांनी देवयानी परतली. "अजिबात रडला नाही, बाबा! नर्सपण चकित झाली." तिनं बाळ त्यांच्या मांडीवर ठेवलं.

तेच वजन. पावडरचा तोच वास. कानामागचा तीळही जागेवर.

"आजोबा," हिमानी कुजबुजली.

विंचू पूर्वेकडेच पाहत होते.

त्यांनी एका हातानं बरणी फिरवली. विंचू वळले. पूर्वेकडे.

"काय झालं?" देवयानीनं विचारलं. गाडीची किल्ली अजून तिच्या हातातच होती.

मांडीवरचं बाळ डोळे न मिटता गुरुनाथांकडे पाहत होतं.

बरणीत सहाही तोंडं हलली. सकाळी ईशानच्या गाडीमागून सरकली होती तशीच, हळूहळू, एकत्र सरकू लागली.

उत्तरेकडे.