नेर्लेकर सरांच्या सहा गोगलगायी

"चोर कोण ते मला ठाऊक आहे. तुम्ही फक्त पुरावा शोधा," प्राध्यापक दत्तात्रय नेर्लेकर खुर्चीत टेकण्याआधीच म्हणाले.

धारवाडच्या सुभाष रोडवर, कापडाच्या दुकानावरच्या खोलीत गोदावरी चिकोडीकर खासगी तपासाचं काम करायची. मदतीला जोतिबा. त्याने तीस वर्षं पत्रं वाटली, पण माणूस काही त्याला वाचता आला नाही. रागावलेला माणूस खरं तेच बोलतो, असं त्याला वाटे.

सरांच्या घरी काचेच्या पेटीत सहा गोगलगायी होत्या, हिमालयातल्या उंच चुनखडीच्या कड्यावरच्या, आजवर कुणी न नोंदलेल्या. दोराला लटकून त्या काढल्या होत्या त्यांच्या विद्यार्थिनीने, दीक्षाने. त्यांच्यावरच्या, अजून न छापलेल्या निबंधावर नाव मात्र एकट्या सरांचं. दीक्षाने विद्यापीठात तक्रार केली होती आणि उद्या सुनावणी होती.

"रविवारी रात्री सहाही जणी माझ्यासमोर पान खात होत्या," सर म्हणाले. "काल सकाळी दीक्षा आपले कागद न्यायला आली. ती गेली आणि पेटी रिकामी. सूड उगवलाय तिने. तिची पीएचडी गेली पाहिजे."

जोतिबाचंही रक्त तापलं. गुरूच्या घरात चोरी म्हणजे काय.

सरांच्या घरी पेटीतला चुनखडीचा दगड कोरडा ठणठणीत होता. एप्रिलच्या उकाड्यात खोली नुसती तापली होती. घरकाम करणारी यल्लव्वा पदराने वारा घेत होती.

"पेटीचं तू बघायचीस?" गोदावरीने विचारलं.

"हौदु, व्हय अक्का. थंडीतली जनावरं ती. रोज पेटीखाली बर्फ ठेवायची. शिमग्याला सर म्हटले, आता बर्फ नको, मी बघतो. तवापासनं त्या खोलीत गेले नाही."

दीक्षा वसतिगृहात भेटली. "झडती घ्या की," ती म्हणाली. खाटेखालून सरांनी दिलेली कागदांची पिशवी तिने स्वतःच ओढून दिली. गोदावरीने गाठ सोडली. तळाशी सहा शंख निघाले.

जोतिबाने एक नाकाशी नेला. वास कसलाच नव्हता. आत पार पोकळ.

"मेल्या सगळ्या," दीक्षा म्हणाली आणि तिला रडू कोसळलं. जोतिबाला ते नाटक वाटलं. गोदावरी मात्र बराच वेळ तिच्याशी शंखांबद्दल बोलत बसली.

संध्याकाळी गोदावरीने तिला सरांच्या घरी आणलं आणि शंख टेबलावर ठेवले.

"सापडले ना?" सर म्हणाले.

"सापडले. पण सर, परवा रात्री पान खाणारी गोगलगाय आज अशी कोरडी होत नाही. या उकाड्यात कुजते, घाण सुटते. आतून इतकं सुकायला आठवडे लागतात."

"उकळून मांस काढलं असेल तिने."

"तरी आतल्या टोकाला थोडं राहतं आणि वास मारतं. दीक्षाने सांगितलं. तिला हे तुम्हीच शिकवलंत. म्हणजे काल या मेलेल्याच होत्या, आणि परवा जिवंत पाहिल्या फक्त तुम्ही. शिमग्याला बर्फ बंद केलात, कारण गार ठेवायला काही उरलंच नव्हतं. पिशवी तुम्ही बांधून दिलीत. तिने गाठसुद्धा सोडली नव्हती."

सर खाली बसले. "चार दिवस गावाला गेलो, यल्लव्वाही रजेवर होती. आलो तर बर्फाविना सगळ्या मेल्या होत्या. हे कळलं असतं तर लोक हसले असते. वर हिने माझ्यावर तक्रार केली. माझ्याच हाताखाली शिकलेल्या पोरीने. मला तिला संपवायचं होतं."

जोतिबाला आपल्या सकाळच्या रागाची लाज वाटली.

दीक्षा शांतपणे म्हणाली, "तक्रार उद्या तशीच चालेल, सर. जूनमध्ये मी परत त्या कड्यावर जाणार. गोगलगाय मिळाली तर त्या नव्या जातीला तुमचंच नाव देईन."

सरांनी मान वर केली.

"आणि निबंधात सुरुवातीलाच लिहीन, आधीच्या सहा कुणामुळे मेल्या आणि कुणाच्या पिशवीत घातल्या. नाव वाचणारा प्रत्येक जण तेही वाचेल."

सरांनी हात जोडले. "माझं नाव नको देऊस, दीक्षा."

"माझं ठरलंय, सर," ती म्हणाली आणि शंख उचलायला लागली. जोतिबाला मनापासून बरं वाटलं.